काचेला चिकटलेला फोटो

प्रश्न: आजी-आजोबांच्या लग्नाचा कृष्णधवल फोटो फ्रेममध्ये वरच्या बाजूला काचेला चिकटलाय, कडेला पांढरी बुरशीही आहे. काच काढून ओल्या फडक्याने पुसून उन्हात ठेवला तर चालेल का? – एक वाचक, देवरुख

उत्तर: नको, यातलं काहीही करू नका. चित्र असतं ते कागदावरच्या जिलेटिनच्या पातळ थरात. पावसाळ्यात आर्द्रता बरेच दिवस ६५ टक्क्यांच्या वर राहिली की तो थर फुगून काचेला धरतो, आणि बुरशीचं खाद्यही तेच. बुरशीने खाल्लेलं जिलेटिन पाण्यात विरघळतं. ओल्या फडक्याबरोबर आजींचा चेहराही निघून येईल. उन्हाने कागद वळतो, थराला तडे जातात.

पहिलं काम प्रत काढण्याचं. मागचे खिळे आणि पुठ्ठा काढा, काच व फोटो मात्र एकत्रच राहू द्या. काच बाहेरून कोरडी पुसून ६०० डीपीआयला (इंचाला ६०० ठिपके) स्कॅन करा, फाइल टिफ या दर्जा न घटवणाऱ्या प्रकारात ठेवा. मोबाइलने काढणार असाल तर काळ्या पुठ्ठ्याला भोक पाडून त्यातून लेन्स रोखा, म्हणजे काचेत तुमचं प्रतिबिंब येणार नाही.

मग घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलच्या (ओल शोषणाऱ्या दाण्यांच्या) पुड्या आणि छोटा आर्द्रतामापक ठेवून फोटो काचेसकट त्यात ठेवा. जेल फोटोला टेकू देऊ नका. काटा ४०-४५ टक्क्यांवर स्थिरावला की पुरे. फार कोरडं झालं तर जिलेटिन तडकतं. निळं जेल गुलाबी झालं की ओव्हनमध्ये १२० अंशांवर दोनेक तास तापवा, पुन्हा वापरता येतं. उघड्या कपाटात ठेवलेल्या पुड्यांचा काही उपयोग नाही. बुरशी सुकून भुकटी झाली की मास्क लावून, घराबाहेर, मऊ कोरड्या ब्रशने हलकेच झटका, पण चिकटलेल्या भागाच्या वाटेला जाऊ नका.

काच सोडवणं हे संवर्धकाचंच, म्हणजे जुन्या वस्तू जपणाऱ्या तज्ज्ञाचंच काम. मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात कला-संवर्धन केंद्र आहे, तिथे विचारा. फोटो हाताने रंगवलेला असेल तर तसं आधीच सांगा, कारण ते रंग पाण्याने जाऊ शकतात. पुन्हा फ्रेम करताना काच आणि फोटो यांच्यात दोन-तीन मिलिमीटर जाडीचा आम्लमुक्त माउंट (पुठ्ठ्याची चौकट) हवाच. भिंतीलगत हवा खेळावी म्हणून फ्रेमच्या खालच्या कोपऱ्यांना बुचाचे तुकडे चिकटवा. पश्चिमेची ओल धरणारी भिंत टाळा.

प्रश्न: चिकट पानांचे जुने अल्बम तसेच ठेवावेत का? – एक वाचक, पणजी

उत्तर: नाही. त्या गोंदाने फोटो पिवळे पडतात. आधी अख्ख्या पानाची छबी टिपून घ्या, मग फोटोमागून दात घासायचा बिनमेणाचा दोरा करवतीसारखा हळूहळू फिरवत फोटो सोडवा. अडला तर थांबा. मागे नावं लिहायची तर मऊ पेन्सिलने. नवी पाकिटं पॉलिप्रॉपिलीनची किंवा आम्लमुक्त कागदाची घ्या. उग्र वासाचं पीव्हीसी प्लास्टिक नको.