काच बदलली, दिवा पेटला आणि डीलर म्हणतो वॉरंटी संपली

डिचोली तालुक्यातून एका शिक्षिकेचे पत्र आले आहे. चौदा महिन्यांपूर्वी त्यांनी साडेतेरा लाखांची नवी गाडी घेतली. वॉरंटी तीन वर्षांची आहे. पावसाच्या तोंडावर साखळीजवळ पुढच्या ट्रकच्या चाकाखालून खडा उडाला आणि समोरची काच तडकली. विमा कंपनीने सुचवलेल्या म्हापशातल्या गॅरेजमध्ये कॅशलेसवर काच बदलून झाली. तिसऱ्या दिवशी डॅशबोर्डवर पिवळा दिवा पेटला आणि समोरची टक्कर टाळणारी यंत्रणा बंद असल्याचा संदेश येऊ लागला. डीलरच्या वर्कशॉपने एकदा दिवा घालवून दिला, पण तो दुसऱ्याच दिवशी परत लागला. पुढच्या खेपेला ‘बाहेर काच बदललीत, वॉरंटी संपली’ असे तोंडी सांगून काचेमागचा नवा कॅमेरा आणि कॅलिब्रेशन (कॅमेऱ्याचा नेम पुन्हा अचूक जुळवणे) मिळून 68,000 रुपयांचे एस्टिमेट हातात ठेवले. गॅरेजवाला म्हणतो काच नीट बसवली आहे, विमा कंपनी म्हणते कॅलिब्रेशन मंजूर कामात नव्हते, आणि ओळखीचा एक मेकॅनिक दिवाच कायमचा बंद करून द्यायला तयार आहे. खर्च कोणाचा, नवी गाडी मागता येईल का आणि तोवर गाडी चालवावी का, असे त्यांनी विचारले आहे.

ताई, आधी त्या मेकॅनिकला नको म्हणून सांगा. त्याचा हेतू चांगला असेल, पण तुमच्या गाडीच्या कॉम्प्युटरमध्ये आज नोंदलेला एरर कोड हाच तुमचा सर्वांत भक्कम साक्षीदार आहे. दिवा का लागला आणि नेमका कोणता भाग तक्रार करतो आहे, हे त्या कोडमध्ये असते. अनेक गाड्यांत त्या क्षणीचा वेग आणि किलोमीटरही नोंदलेले असतात. कोड पुसला की ते सगळे जाते. डीलरने पहिल्या वेळी दिवा घालवला तेव्हा कोडची प्रिंट दिली नाही, असे तुम्ही लिहिता. ती चूक पुन्हा होऊ देऊ नका. गाडी आत घ्यायच्या आधी लेखी मागणी करा की कोड पुसण्यापूर्वी संपूर्ण स्कॅन रिपोर्ट मला द्यावा. तुम्हीही दिव्याचा, संदेशाचा आणि किलोमीटरच्या आकड्याचा एकाच चौकटीत फोटो काढून ठेवा.

इतका आग्रह धरण्याचे कारण असे की तुमचा दावा कोणावर, हे तो कोडच ठरवणार आहे.

तुमच्या गाडीत आरशामागे काचेला लागून एक कॅमेरा आहे. पुढचे वाहन किती दूर आहे आणि आपल्या लेनमध्ये आहे की नाही, हे तो पाहतो. काही मॉडेल्समध्ये जोडीला बंपरमागे किंवा कंपनीच्या चिन्हामागे रडारही असते. काच काढली की कॅमेरा जागेवरून हलतो. तो पुन्हा बसवताना एका अंशाचा फरक पडला तरी 100 मीटरवर सुमारे पावणेदोन मीटरची चूक होते. महामार्गाची लेन साधारण साडेतीन मीटरची असते, म्हणजे चूक अर्ध्या लेनची झाली. शेजारच्या लेनमधला ट्रक आपल्यासमोर आहे असे गाडीला वाटू शकते, किंवा समोरचा खरोखरचा ट्रक दिसणारच नाही. म्हणून अशी काच बदलल्यावर कॅमेऱ्याचे कॅलिब्रेशन करावे लागते. काही गाड्यांचे वर्कशॉपमध्ये ठरावीक अंतरावर नक्षीचा फलक उभा करून होते, काहींचे रस्त्यावर चालवून, तर काहींचे दोन्ही प्रकारे. जो कॅमेरा स्वतःची जागा ओळखू शकत नाही त्याने दिवा लावून यंत्रणा बंद ठेवणे, हे बरोबरच वागणे आहे.

आता शक्यता पाहा. कोड ‘कॅलिब्रेशन झालेले नाही’ असे सांगत असेल, तर काचेचे काम अपुरे सोडले गेले. मग डीलर आणि कंपनीशी भांडण्यात अर्थ नाही, तुमचा दावा गॅरेज आणि विमा कंपनीवर. कोड कॅमेऱ्याच्या आतल्या बिघाडाचा असेल, तर पहिला प्रश्न वॉरंटीचा. आणि काच काढताना कॅमेऱ्याचा प्लग किंवा वायर दुखावली असेल, तर पुन्हा गॅरेज. ही उकल न करता डीलरने थेट नव्या कॅमेऱ्याचे एस्टिमेट दिले, हे मला पटत नाही. आधी फक्त कॅलिब्रेशन करून पाहा, ते होत नसेल तर का होत नाही ते लिहून द्या आणि मगच कॅमेऱ्याचे बोला, असे त्यांना पत्राने कळवा.

त्याआधी घरी एक गोष्ट तपासा. काच बदलली म्हणजे फास्टॅगही नवा लावला असणार. तो कॅमेऱ्याच्या दृष्टीच्या वाटेत तर चिकटवलेला नाही ना? ग्रिलपुढे जादा गार्ड बसवलेला नाही ना? डिचोली-साखळीकडे पावसात लाल चिखल उडतो, बंपर आणि काचेचा तो भाग पुसून पाहा. मुसळधार पावसात किंवा धुक्यात यंत्रणा तात्पुरती बंद होणे आणि हवा मोकळी झाल्यावर आपोआप सुरू होणे हा दोष नसतो, गाडीच्या पुस्तिकेतही तसे लिहिलेले असते. तुमचा दिवा कोरड्या दिवशीही जात नाही, म्हणून तुमची तक्रार खरी आहे. पण समोरचा पक्ष याच गोष्टींवर बोट ठेवणार. स्वच्छ काचेचा फोटो तुमच्याकडे तयार असू द्या.

आता ‘वॉरंटी संपली’ या वाक्याकडे. वॉरंटी हा करार आहे आणि तो कोणाच्या तोंडी बोलण्याने संपत नाही. वॉरंटी पुस्तिकेतल्या कोणत्या अटीखाली आणि कोणत्या भागापुरती ती नाकारता, हे लेखी मागा. भारतीय स्पर्धा आयोगाने 2014 मध्ये चौदा मोटार कंपन्यांविरुद्धच्या आदेशात म्हटले होते की बाहेर दुरुस्ती केली एवढ्यावरून सरसकट वॉरंटी रद्द करता येणार नाही. बाहेरच्या सदोष कामामुळे जे नुकसान झाले तेवढ्यापुरतीच ती नाकारता येईल. त्या आदेशावर पुढे अपिले झाली, म्हणून तो अखेरचा शब्द म्हणून मांडू नका. तत्त्व मात्र रास्त आहे आणि नोटिशीत जरूर लिहा. समोरची काच बदलल्याने तुमच्या गिअरबॉक्सची किंवा एसीची वॉरंटी जाण्याचे काहीच कारण नाही.

विमा कंपनीचे उत्तर मला सर्वांत कच्चे वाटते. मोटार विम्याच्या प्रचलित अटींत काचेच्या भागांवर घसारा (भाग जुना झाला म्हणून होणारी वजावट) कापत नाहीत, म्हणजे काच पूर्ववत करून देण्याची जबाबदारी त्यांनी पूर्णपणे घेतलेली असते. काचेवर कॅमेरा असलेल्या गाडीत कॅलिब्रेशनशिवाय काचेचे काम पुरे होत नाही. गॅरेजही त्यांच्याच यादीतले होते. नुकसान तपासणाऱ्या सर्व्हेअरने अहवालात कॅलिब्रेशन धरले नसेल तर ती त्यांची उणीव, तुमची नव्हे. सर्व्हे रिपोर्टची प्रत आणि गॅरेजचे बिल मागून घ्या. बसवलेल्या काचेचा पार्ट नंबर बिलावर असलाच पाहिजे, कारण कॅमेऱ्याचा ब्रॅकेट नसलेली किंवा वेगळ्या मॉडेलची काच बसवली असेल तर ते तिथेच उघड होईल.

कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याला लिहा. 30 दिवसांत उत्तर आले नाही किंवा पटले नाही, तर विमा लोकपालाकडे, म्हणजे विमा कंपन्यांविरुद्धच्या तक्रारी ऐकणाऱ्या अधिकाऱ्याकडे, जाता येते. गोवा सध्या कोणत्या लोकपाल कार्यालयाच्या कक्षेत येते, ते आधी विचारून घ्या. तिथे फी नाही आणि वकिलाचीही गरज नाही. मात्र त्याच वादावर ग्राहक आयोगात तक्रार दाखल असेल तर लोकपाल ती ऐकत नाहीत, म्हणून वाट विचार करून निवडा. कोड फक्त कॅलिब्रेशनचा निघाला तर मी लोकपालाची वाट धरायला सांगेन. डीलर, गॅरेज आणि विमा कंपनी एकमेकांकडे बोट दाखवत राहिले, तर ग्राहक आयोगात तिघांना आणि गरज असेल तर उत्पादक कंपनीला एकत्र उभे करणे बरे.

नवी गाडी मागण्याचा मोह मात्र सोडा, हे मी कळकळीने सांगतो. मारुती उद्योगच्या 2006 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की वॉरंटी सदोष भाग बदलून देण्याची असेल, तर अख्खी गाडी बदलून देण्याचा आदेश सहजी देता येत नाही. उलट 2022 मध्ये ह्युंदाईच्या खटल्यात, अपघातात एअरबॅग उघडल्या नाहीत म्हणून ग्राहकाला भरपाई आणि गाडी बदलून देण्याचा आदेश त्याच न्यायालयाने कायम ठेवला. वेग आणि आघाताचे गणित ग्राहकाने मांडावे अशी अपेक्षा करता येत नाही, असेही तिथे म्हटले. तुमच्या वकिलाला हा निकाल उपयोगी पडेल, पण त्यातल्या आणि तुमच्या वस्तुस्थितीत मोठे अंतर आहे. तुमचा दिवा काच बदलल्यावर लागला. गाडी मुळातच सदोष होती हे यातून दाखवणे कठीण आहे, आणि अवाजवी मागणीमुळे रास्त मागणीही हलकी दिसू लागते. यंत्रणा विनामूल्य दुरुस्त करून द्यावी, झालेला खर्च परत मिळावा, मनस्तापाची भरपाई आणि तक्रारीचा खर्च मिळावा, एवढेच मागा.

उत्पादक कंपनीला पक्षकार करताना तिने काय चुकवले हे नेमके लिहावे लागते. गोव्यातल्याच एका ग्राहकाच्या प्रकरणात, टाटा मोटर्सविरुद्धच्या खटल्यात, डीलरने जुनी वापरलेली गाडी नवी म्हणून विकल्याचा आरोप होता. डीलर आणि उत्पादक यांचा व्यवहार दोन स्वतंत्र व्यापाऱ्यांचा असल्याने, उत्पादकाला त्याची माहिती होती हे दाखवल्याशिवाय त्याला जबाबदार धरता येणार नाही, असे 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले. नुसते ‘कंपनीही जबाबदार आहे’ हे वाक्य आयोगात टिकत नाही.

तक्रार 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्याखाली होईल. तुम्ही राहता त्या जिल्ह्यात ती करता येते, म्हणजे उत्तर गोवा जिल्हा आयोगात. मोजलेली किंमत 50 लाखांपर्यंत असेल तर जिल्हा आयोगच ऐकतो. गाडीच्या किमतीवर तक्रार केली तर 10 ते 20 लाखांच्या गटात फी 400 रुपये आहे. ग्राहक आयोगांच्या ई-जागृती पोर्टलवरून घरबसल्या दाखल करता येते. मुदत कारण घडल्यापासून दोन वर्षे. त्याआधी 1915 या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवून क्रमांक घ्या, कधी कधी तेवढ्यानेच मोठ्या कंपन्यांची हालचाल सुरू होते. दोष तपासणीशिवाय कळणार नसेल तर कलम 38 खाली आयोग ती करवून घेतो. डीलरचाच इंजिनिअर तज्ज्ञ म्हणून नेमला जाऊ नये यासाठी, फर्मागुडीच्या सरकारी अभियांत्रिकी महाविद्यालयासारख्या तटस्थ ठिकाणचा तज्ज्ञ नेमावा, अशी विनंती तुमच्या अर्जात करा. तपासणी लागणारे प्रकरण पाच महिन्यांत निकाली काढावे असे कायदा सांगतो. प्रत्यक्षात वेळ जास्त लागतो, म्हणून आयोगाने मध्यस्थी सुचवली तर नाही म्हणू नका.

गाडी चालवण्याबद्दल. खासगी मोटारीत ही यंत्रणा असलीच पाहिजे अशी सक्ती आज नाही, त्यामुळे ती बंद असणे हा स्वतःत गुन्हा नाही. पायाने लावायचा ब्रेक नेहमीसारखा चालत असेल, तर गाडी चालवायला कायद्याची आडकाठी नाही. मात्र पिवळ्या दिव्याबरोबर एबीएसचा (जोरात ब्रेक लावल्यावर चाके जाम होऊ न देणाऱ्या यंत्रणेचा), गाडी घसरू न देणाऱ्या यंत्रणेचा किंवा ब्रेकचा लाल दिवा लागला, तर गाडी तिथेच थांबवा आणि उचलून न्या. माहीत असलेला धोकादायक दोष घेऊन रस्त्यावर येणे मोटार वाहन कायद्याच्या कलम 190 खाली दंडनीय आहे. पहिल्या वेळी 1,500 रुपयांपर्यंत दंड होतो, आणि त्यातून कोणी जखमी झाले तर कैदेचीही तरतूद आहे. विमा पॉलिसीतही गाडी सुस्थितीत ठेवण्याची अट असते. तुम्ही सुट्टीत चोर्ला घाटाने बेळगावला जाता असे लिहिले आहे. दुरुस्तीपर्यंत तो प्रवास टाळता आला तर टाळा, निदान पुढच्या गाडीमागे अंतर राखून धावणारा क्रूझ मोड लावू नका. विक्रेत्याने ‘ही गाडी स्वतः थांबते’ असे सांगितले असले, तरी अपघात झाल्यास पोलीस आणि न्यायालय चालकालाच विचारतात.

दिवस काढणे शक्य नसेल आणि कॅलिब्रेशन पदरच्या पैशाने करून घ्यायचे असेल, तर आधी तिघांनाही स्पीड पोस्टने आणि ईमेलने कळवा: अमुक तारखेला अमुक वर्कशॉपमध्ये काम होणार आहे, हवे तर तुमचा माणूस पाठवा, खर्च मी हक्क राखून भरत आहे. कामाच्या आधीचा आणि नंतरचा स्कॅन रिपोर्ट घ्या, बदललेला कोणताही भाग परत मागून घरी ठेवा. गाडी ताब्यात घेताना जॉबकार्डवर ‘काम समाधानकारक’ असे आधीच छापलेले असेल, तर त्यावर आडवी रेघ मारून ‘दिवा पुन्हा लागल्यास तक्रारीचा हक्क राखून’ एवढे स्वतःच्या हाताने लिहा, मगच सही करा आणि त्या पानाचा काउंटरवरच फोटो घ्या.