डार्टमथच्या पालकांना उत्तर : ज्युनिअर हॉकी, तिथले पुरस्कार आणि मुलाचे शिक्षण

सप्रेम नमस्कार.

आपले सविस्तर पत्र मिळाले. नाशिकहून कॅनडाच्या नोव्हा स्कोशिया प्रांतातील डार्टमथ येथे स्थायिक झालेले आपले कुटुंब. नववीत शिकणारा, नोव्हेंबरमध्ये जन्मलेला चौदा वर्षांचा मुलगा. आइस हॉकीच्या पंधरा वर्षांखालील एएए, म्हणजे वरच्या दर्जाच्या, संघात बचावपटू म्हणून त्याने मिळवलेले स्थान आणि एका स्पर्धेत सर्वोत्तम बचावपटू म्हणून मिळालेले पदक, हे सारे आपण बारकाईने लिहिले आहे. प्रशिक्षकांच्या मते दहावीचे वर्ष संपता संपता क्वेबेक मॅरिटाइम्स ज्युनिअर हॉकी लीगच्या, म्हणजे सगळे जिला नुसते ‘क्यू’ म्हणतात तिच्या, खेळाडू-निवडीत (ड्राफ्टमध्ये) त्याचे नाव येऊ शकते. त्यामुळे आपल्याला तीन प्रश्न पडले आहेत. या लीगमध्ये गेल्यास अमेरिकन विद्यापीठांचे दार कायमचे बंद होते, हे खरे का? सोळाव्या वर्षी घर सोडल्याने शिक्षणाचे नुकसान होईल का? आणि त्याने कोणते पुरस्कार मिळवले तर पुढे विद्यापीठात उपयोग होईल?

पहिल्या प्रश्नापासून सुरुवात करतो, कारण घरातील सगळी धास्ती त्यातूनच आलेली दिसते. आपल्याला मिळालेली माहिती एके काळी अगदी बरोबर होती. क्यू, ओंटारिओ हॉकी लीग आणि वेस्टर्न हॉकी लीग या तिन्ही मिळून कॅनेडियन हॉकी लीग होते. तेथील खेळाडूंना भत्ता मिळतो आणि त्यांच्याबरोबर व्यावसायिक करार झालेले काही खेळाडूही खेळतात, या कारणाने अमेरिकेतील महाविद्यालयीन क्रीडासंस्था, म्हणजे एनसीएए, या तिन्ही लीगमधील खेळाडूंना अपात्र धरीत असे. त्यामुळे अनेक पालक मुलांना ज्युनिअर ए या एका पायरीने खालच्या दर्जाच्या लीगमध्येच ठेवत. आपल्या भागात त्या दर्जाची लीग म्हणजे मॅरिटाइम हॉकी लीग. मात्र नोव्हेंबर २०२४ मध्ये एनसीएएच्या प्रथम श्रेणीच्या परिषदेने हा नियम बदलला आणि १ ऑगस्ट २०२५ पासून कॅनेडियन हॉकी लीगमध्ये खेळलेले खेळाडू अमेरिकन विद्यापीठांच्या संघांसाठी पात्र ठरू लागले. क्यूमध्ये पाऊल टाकले की अमेरिका संपली, हे आता खरे नाही.

परंतु या बदलाची दुसरी बाजूही लक्षात घ्यावी. दार उघडले ते आपल्या मुलासाठी तसे इतर शेकडो मुलांसाठीही. पूर्वी ज्या जागांसाठी प्रामुख्याने ज्युनिअर ए आणि अमेरिकन लीगमधील मुले स्पर्धेत असत, त्याच जागांसाठी आता एकोणीस-वीस वर्षांचे, क्यूमध्ये तीन-चार मोसम खेळून तयार झालेले तरुण अर्ज करीत आहेत. म्हणून अमेरिकेचा विचार असेल तर घाईने निर्णय घेण्याऐवजी शाळेतील विषयांकडे आताच लक्ष द्या. एनसीएएच्या प्रथम श्रेणीसाठी माध्यमिक शाळेतील १६ मूलभूत अभ्यासक्रम पूर्ण व्हावे लागतात आणि त्यांपैकी १० बारावीचे वर्ष सुरू होण्यापूर्वी व्हावे लागतात. इंग्रजी, गणित, विज्ञान आणि समाजशास्त्रे यांची वाटणी ठरलेली असते. दहावीत सोपे विषय घेऊन सरावाला वेळ मोकळा करण्याचा मोह बहुतेक घरांत होतो, आणि अकरावीच्या शेवटी तेथेच घोडे अडते. शाळा सुटण्यापूर्वीच शाळेच्या समुपदेशकासमोर बसून, दहावी ते बारावीचा विषयांचा तक्ता एनसीएएच्या यादीशी ताडून पाहा. हे काम एका बैठकीत होते आणि पुढे मुलगा कोणत्याही लीगमध्ये गेला तरी वाया जात नाही.

आता शिक्षणाच्या नुकसानीबद्दल. क्यूचा मोसम सप्टेंबरमध्ये सुरू होतो, नियमित फेरीत प्रत्येक संघाच्या वाट्याला ६०हून अधिक सामने येतात आणि संघ पुढे जात राहिला तर मे महिना उजाडतो. लीगचा विस्तारही फार मोठा आहे. हॅलिफॅक्स ते माँट्रियल हेच अंतर रस्त्याने सुमारे १,२५० किलोमीटर आहे, आणि केप ब्रेटनच्या संघाला वायव्य क्वेबेकमधील रुएं-नोरांडा येथे जायचे झाले तर सुमारे २,००० किलोमीटरचा प्रवास होतो. तीन दिवसांत तीन गावांत तीन सामने, रात्रभराची बस आणि सोमवारी गणिताची चाचणी, असे या मुलांचे हिवाळ्याचे वेळापत्रक असते. घरापासून दूर निवडली गेलेली मुले संघाने ठरवून दिलेल्या स्थानिक कुटुंबात राहतात. त्यांना ‘बिलेट’ कुटुंब म्हणतात आणि मुलाचे जेवणखाण, झोप, अभ्यासाची शिस्त यांतले बरेच काही त्या घरावर अवलंबून असते. प्रत्येक संघाकडे शिक्षणाची जबाबदारी पाहणारा सल्लागार असतो, हे खरे. पण सल्लागार कसा आहे हे त्या संघातील आजी-माजी खेळाडूंच्या पालकांनाच विचारावे.

आपल्या बाबतीत आणखी एक अडचण आहे, जी आपल्या पत्रात आलेली नाही. क्यूमधील बहुतांश संघ क्वेबेकमध्ये आहेत. तेथील शालेय शिक्षण अकरावीला संपते आणि पुढे विद्यापीठापूर्वी सेजेप नावाच्या महाविद्यालयाची दोन वर्षे असतात. शिवाय क्वेबेकच्या भाषाविषयक कायद्यामुळे शाळा सर्वसाधारणपणे फ्रेंच माध्यमाची असते. इंग्रजी शाळेत प्रवेशासाठी पात्रता लागते आणि ती ठरवताना पालकांचे नागरिकत्व व मुलाचे आतापर्यंतचे शिक्षण यांचा विचार होतो. आपण अद्याप स्थायी रहिवासी आहात, त्यामुळे हा मुद्दा गृहीत धरून चालणार नाही. काही खेळाडू आपल्या मूळ प्रांताचे अभ्यासक्रम दूरस्थ पद्धतीने पूर्ण करतात. तशी सोय नोव्हा स्कोशियाच्या शाळेकडून मिळेल का, हे आधी लेखी विचारून घ्या. हॅलिफॅक्स, केप ब्रेटन, मंक्टन, सेंट जॉन किंवा शार्लटटाउन यांपैकी एखाद्या संघाने निवडले तर ही अडचण येत नाही. पण कोणता संघ निवडेल हे आपल्या हातात नसते.

पुरस्कारांबद्दलचा आपला प्रश्न मला सर्वांत महत्त्वाचा वाटला. आपण लिहिता की मुलाने पदकांची यादी भिंतीवर लावली आहे आणि ‘एमिल बुशार करंडक’ हे नाव शेवटी मोठ्या अक्षरांत लिहून ठेवले आहे. क्यूमधील वर्षाच्या सर्वोत्तम बचावपटूला मिळणारा तो सन्मान आहे. मुलाने एवढे मोठे ध्येय ठेवले याचा आनंदच मानावा. मात्र कोणता पुरस्कार काय सांगतो, हे त्याला नीट समजावून सांगायला हवे.

सर्वाधिक गुणांसाठीचा (स्वतःचे गोल आणि इतरांच्या गोलांना केलेले साहाय्य मिळून) ज्याँ बेलिव्हो करंडक खेळाडूच्या कौशल्याबरोबर त्याच्या जोडीदारांचीही साक्ष देतो. ज्याक प्लांट करंडक सर्वांत कमी सरासरीने गोल स्वीकारणाऱ्या गोलरक्षकाला मिळतो, पण त्यात पुढे उभ्या असलेल्या बचावफळीचा वाटा मोठा असतो. सांघिक चषकांची गोष्ट तर आणखी गुंतागुंतीची आहे. १९१९ पासून, पहिल्या महायुद्धात मृत्यू पावलेल्या सैनिकांच्या स्मरणार्थ दिला जाणारा मेमोरियल कप हा ज्युनिअर हॉकीतील सर्वोच्च चषक. त्यासाठी तिन्ही लीगचे विजेते आणि यजमान संघ असे चार संघ खेळतात. २०२२ मध्ये सेंट जॉनचा संघ क्यूच्या बाद फेरीत पहिल्याच टप्प्यात हरला, प्रशिक्षक बदलला गेला आणि तरीही यजमान म्हणून खेळून त्याच संघाने मेमोरियल कप जिंकला. मे ते जून एवढ्या काळात मुले तीच होती, त्यांची गुणवत्ताही तीच होती. त्यामुळे चषकावरून मुलाची किंमत ठरवू नये आणि चषक हुकल्यावरूनही नाही.

लीगच्या सर्वोत्तम खेळाडूला मिळणाऱ्या मिशेल ब्रिएर स्मृती करंडकाचा इतिहास मी मुद्दाम सांगतो. ब्रिएर हा क्वेबेकचा तरुण, शाविनिगनकडून ज्युनिअर हॉकी खेळलेला. एनएचएल या सर्वोच्च व्यावसायिक लीगमधील पिट्सबर्ग पेंग्विन्सकडून १९६९-७० हा त्याचा पहिला मोसम उत्तम गेला आणि त्याच उन्हाळ्याच्या तोंडावर, मे १९७० मध्ये, क्वेबेकमधील मोटार अपघातात त्याला डोक्याला गंभीर इजा झाली. एप्रिल १९७१ मध्ये, वयाच्या एकविसाव्या वर्षी, तो गेला. पुढे विख्यात झालेल्या सिडनी क्रॉस्बीने क्यूमधील रिमूस्कीकडून खेळताना लागोपाठ दोन वर्षे मिळवलेला करंडक त्याच्या नावाचा आहे. हे मुलाला घाबरवण्यासाठी लिहीत नाही. पण हॉकीवर सगळा भार टाकू नये, ही गोष्ट त्याला लीगच्या स्वतःच्या इतिहासातून कळली तर ती आईवडिलांच्या उपदेशापेक्षा अधिक पटेल.

विद्यापीठाच्या दृष्टीने ज्या पुरस्काराकडे मी आपले लक्ष वेधू इच्छितो, तो मार्सेल रोबेर करंडक. खेळाबरोबर अभ्यासातही उत्कृष्ट असलेल्या खेळाडूला तो मिळतो, आणि तिन्ही लीगमधील अशा खेळाडूंतून कॅनेडियन हॉकी लीगचा वर्षाचा सर्वोत्तम विद्यार्थी-खेळाडूही निवडला जातो. मुलाने भिंतीवर बुशारच्या शेजारी रोबेरचे नाव लिहावे, असे मी त्याला सुचवले आहे असे सांगा. विद्यापीठाचे प्रशिक्षक पंधराव्या वर्षी मिळालेल्या स्पर्धेच्या पदकाकडे पाहून जागा देत नाहीत. ते सामने पाहतात, चित्रफिती पाहतात, प्रशिक्षकांशी बोलतात आणि मग गुणपत्रिका मागवतात. प्रवेश देणाऱ्या कार्यालयासमोर शेवटी गुणपत्रिकाच जाते.

शिष्यवृत्तीचा मुद्दाही याच्याशी जोडलेला आहे. लीगमध्ये खेळलेल्या मोसमांच्या प्रमाणात पुढील शिक्षणासाठी अर्थसाहाय्य देण्याची पद्धत कॅनेडियन हॉकी लीगमध्ये आहे. मात्र रक्कम, ती वापरण्याची मुदत आणि व्यावसायिक करार केल्यास ती रद्द होण्याची अट, या गोष्टी करारात लिहिलेल्या असतात आणि बोलण्यात मात्र क्वचितच येतात. करार वाचल्याशिवाय आणि शक्य झाल्यास वकिलाला दाखवल्याशिवाय सही करू नका. ही रक्कम अनेक मुले कॅनडातील विद्यापीठांतच वापरतात, आणि आपल्या दाराशी असलेली अटलांटिक विद्यापीठांची हॉकी फारच दर्जेदार आहे. न्यू ब्रन्सविक विद्यापीठाच्या संघाने २०२३-२४ मध्ये ४३ पैकी ४३ सामने जिंकून राष्ट्रीय विजेतेपद मिळवले. त्या संघाचे प्रशिक्षक गार्डिनर मॅक्डूगल हेच २०२२ मध्ये सेंट जॉनबरोबर मेमोरियल कप जिंकणारे प्रशिक्षक, आणि पुढे मंक्टनला जाऊन त्यांनी २०२५ मध्ये क्यूचे विजेतेपदही मिळवले. हॅलिफॅक्समधील डलहौसी आणि सेंट मेरीज, अँटिगोनिशचे सेंट फ्रान्सिस झेवियर, वुल्फव्हिलचे अकेडिया, या सर्वांचे संघ आहेत आणि त्यांत माजी ज्युनिअर खेळाडूंचाच भरणा असतो. एनएचएल हुकली म्हणजे हॉकी संपली, असे या भागात नाही.

आपला मुलगा नोव्हेंबरचा आहे, याचाही विचार व्हावा. कॅनडातील वयोगट १ जानेवारी ते ३१ डिसेंबर असे ठरतात, त्यामुळे जानेवारीत जन्मलेला मुलगा त्याच गटात त्याच्यापेक्षा दहा महिन्यांनी मोठा असतो आणि या वयात दहा महिन्यांत हाडापेराचा फरक पडतो. १९८०च्या दशकात कॅनेडियन मानसशास्त्रज्ञ रॉजर बार्न्सली यांनी ज्युनिअर हॉकीत वर्षाच्या पहिल्या तिमाहीत जन्मलेल्या मुलांचे प्रमाण लक्षणीयरीत्या जास्त असल्याचे दाखवून दिले होते. शिवाय बचावपटू आक्रमकांपेक्षा बहुधा उशिरा तयार होतात. म्हणून पहिल्या निवडीत नाव आले नाही, किंवा फार खालच्या फेरीत आले, तर त्यावरून काहीही निष्कर्ष काढू नका. पश्चिमेकडील वेस्टर्न हॉकी लीगचे एक उदाहरण देतो : व्हँकुव्हरजवळच्या सरे येथील पंजाबी कुटुंबातील अर्शदीप बैन्स याची एनएचएलच्या निवडीत कधीच वर्णी लागली नाही, तरी २०२१-२२ मध्ये तो त्या लीगचा सर्वाधिक गुणांचा मानकरी ठरला आणि व्हँकुव्हरच्या एनएचएल संघाने त्याच्याशी करार केला.

या सगळ्याचा विचार करून माझे मत असे आहे. दहावी आणि अकरावी मुलाने घरी राहून, हॅलिफॅक्स परिसरातील अठरा वर्षांखालील एएए संघात खेळून काढावी. निवड झाली तर ती स्वीकारावी, सराव शिबिराला अवश्य जाऊ द्यावे. निवड झाली म्हणजे सोळाव्याच वर्षी जावे लागते असे नाही. सतराव्या वर्षी संघाने नियमित खेळवण्याची खात्री दिली आणि बारावीच्या शिक्षणाची सोय कागदावर आली, तर क्यूमध्ये पाठवायला माझी हरकत नाही. तेथे नुसते बाकावर बसून राहायचे असेल, तर ट्रुरो, ॲमहर्स्ट किंवा यारमथ यांसारख्या मॅरिटाइम लीगच्या गावात प्रत्येक सामन्यात वीस मिनिटे बर्फावर खेळणे बचावपटूला अधिक शिकवून जाते. तेथे सामने कमी, प्रवास आटोपशीर आणि ट्रुरोहून तर शनिवारी रात्री घरी परतता येते.

संघाशी बोलताना एक प्रश्न टाळू नका, जरी तो विचारताना संकोच वाटला तरी. ज्युनिअर हॉकीत नवख्या मुलांच्या छळाच्या तक्रारी आणि न्यायालयीन दावे झालेले आहेत. क्यूने २०२३-२४ पासून मारामारी करणाऱ्याला सामन्यातून बाहेर काढण्याचा नियम केला, हे स्वागतार्ह आहे. तरीही ड्रेसिंग रूममध्ये कोण प्रौढ उपस्थित असते, तक्रार कोणाकडे करायची आणि बिलेट कुटुंबाची पडताळणी कशी होते, हे व्यवस्थापकाला स्पष्ट विचारा. उत्तर देताना जो संघ अस्वस्थ होतो, तेथे मुलाला पाठवू नका.

मुलाची आठवी-नववीची गुणपत्रिका आणि दहावीसाठी शाळेने सुचवलेले विषय मला पाठवावेत. एनसीएएच्या यादीत न बसणारा विषय निघाला तर तो जूनपूर्वीच बदलून घेता येईल, म्हणून शाळा सुटायची वाट पाहू नये.

आपला,
करिअर मार्गदर्शक