वाचकांचे प्रश्न : आमच्या डोंगरावरचं रान किती जुनं?

प्रश्न : आमचं गाव संगमेश्वर तालुक्यात, सह्याद्रीच्या पायथ्याशी. रत्नागिरी जिल्ह्यात जंगल भरपूर आहे असं सरकारी अहवालात वाचतो. गावातली जुनी माणसं मात्र म्हणतात, खरं रान केव्हाच संपलं. आम्ही काही जण गावच्या जंगलाची पाहणी करून त्याचा इतिहास लिहून ठेवायचं म्हणतोय. खरं कोणाचं धरायचं? सुरुवात कुठून करायची?

उत्तर : दोन्ही खरं धरा. देहरादूनची भारतीय वन सर्वेक्षण संस्था उपग्रहाच्या चित्रांवरून मोजते ते वनाच्छादन. किमान एक हेक्टर जागेवर झाडांची छाया किमान १० टक्के असली की ती जागा त्यात येते. मालकी कोणाची, झाडं कुठली, हे पाहत नाहीत. त्यामुळे काजूची बागही त्यात आणि देवाच्या नावाने राखलेली देवराईही त्यातच. तुमच्या म्हाताऱ्यांना आठवतंय ते निराळं, जुन्या झाडांचं रान.

पाहणी बुंध्यापासून सुरू करा. मी रानात शिरले की शेंड्याकडे नंतर बघते. ऐन, किंजळ, साग यांच्या एकाच खुंटाभोवती सारख्या जाडीचे चार-पाच सोट उभे असतील, तर मूळ झाड तोडलेलं आहे आणि हे त्याचे फुटवे आहेत. जाडी सारखी, म्हणजे सगळे एकाच तोडीनंतरचे. त्यांच्यामधली मोकळी जागा मोजा, मूळ झाड केवढं होतं याचा अंदाज येतो. कोकणातलं बहुतेक जंगल खासगी मालकीचं. जळाऊ लाकडासाठी, कोळशासाठी तोड होते, फुटवे येतात, काही वर्षांनी पुन्हा तोड. लांबून डोंगर कायम हिरवा दिसतो, पण झाड म्हातारं होतच नाही. धनेश पक्ष्याला घरटं करायला जुन्या बेहड्याची, सातविणीची ढोली लागते. ती फुटव्यांच्या रानात कुठून मिळणार? माझ्या मनाला सगळ्यात जास्त लागतं ते हेच, म्हणून ढोल असलेलं प्रत्येक झाड नकाशावर मांडा, बाकी काही राहिलं तरी चालेल.

जमीनही वाचा. उतारावर मध्येच सपाट गोल जागा, माती काळी, तीत कोळशाचे तुकडे, तर तिथे भट्टी लागली होती. झाडीत दगडी बांध सापडले तर ती वरकस जमीन, नाचणी-वरीची. घरातली माणसं मुंबईला गिरणीत गेली, उतार पडीक राहिले आणि रान परत आलं, असंही कोकणात झालंय. तेव्हा सगळा इतिहास ऱ्हासाचाच असेल असं धरून जाऊ नका. कोणता उतार कधी सुटला हे म्हाताऱ्या बायकांना विचारा. लाकूडफाटा त्यांनी आणलाय, कुठलं रान कधी विरळ होतं ते त्या नेमकं सांगतात.

तुलनेला गावची देवराई आहेच. १९७० च्या दशकात पर्यावरणशास्त्रज्ञ माधव गाडगीळ आणि वनस्पतिशास्त्रज्ञ डॉ. वर्तक यांनी पश्चिम घाटातल्या देवरायांचा अभ्यास केला, तेव्हापासून अभ्यासक त्यांच्याकडे मूळ रानाचा नमुना म्हणून पाहतात. देवराईत आणि डोंगरावर, शक्यतो सारख्या उंचीवर, २० बाय २० मीटरचे चौकोन आखा. जमिनीपासून १.३७ मीटरवर प्रत्येक झाडाचा घेर मोजा, जात लिहा, खुंटाचं की बियाचं तेही लिहा. गारंबीसारख्या जाड वेली वेगळ्या नोंदवा.

कागद त्यानंतर. १८८० चं रत्नागिरी गॅझेटिअर, इंच-मैलाची जुनी टोपोशीट (एका इंचात एक मैल दाखवणारा सर्वेक्षणाचा नकाशा), तलाठ्याकडचे जुने सातबारे. १९६० च्या दशकातली अमेरिकेच्या ‘कोरोना’ नावाच्या हेर-उपग्रहांची चित्रं १९९५ मध्ये खुली झाली, त्यांत तुमचा डोंगर मिळतो का बघा.

आणि मालकांना आधी भेटा. तोडीच्या तारखा त्यांनाच ठाऊक, पण वही बघितली की ते गप्प होतात. सर्व्हे नंबर आणि नाव लिहिणार नाही असं सांगा, आणि खरंच लिहू नका.