महापालिकेने दोन वर्षे बिल अडवून ठेवले आहे, वसुलीसाठी कोर्टात जावे का?

तुम्ही लिहिले आहे की गटाराचे आणि फुटपाथचे काम पूर्ण होऊन दोन वर्षे झाली, अंतिम बिल लेखा विभागात पडून आहे आणि प्रत्येक खेपेला "निधी आला की काढू" एवढेच ऐकायला मिळते. मी पंधरा वर्षे महापालिकांची छोटी कामे केली आहेत आणि अडकलेले बिल कायद्याच्या वाटेने सोडवूनही घेतले आहे. कोर्टात जायची तयारी ठेवाच. पण त्याआधी काळजीची गोष्ट ही, की तुमच्या हातात आता वर्षभरच उरले आहे.

१९६३ च्या मुदत कायद्याप्रमाणे, पैसे कधी द्यायचे हे करारात ठरले नसेल तर काम पूर्ण झाल्यापासून तीन वर्षांत दावा लावावा लागतो. दर महिन्याला स्मरणपत्र देत राहिलो की मुदत वाढत जाते, असे आपल्या धंद्यातले बरेच जण धरून चालतात. त्यात कितीतरी जणांचे खरे पैसे बुडाले. आपल्या पत्राने मुदत एक दिवसही वाढत नाही. मात्र मुदत संपायच्या आत अधिकार असलेल्या अधिकाऱ्याने सहीनिशी देणे कबूल केले, तर कलम १८ प्रमाणे त्या तारखेपासून तीन वर्षे नव्याने धरतात.

माझ्या मुदतीचे नऊ महिने उरले होते. काम ज्यांच्या हाताखाली झाले ते अभियंता बदलून गेले होते आणि नवे साहेब फाइल बघायलाही तयार नव्हते. मी माहितीच्या अधिकारात एम.बी.ची (कामाच्या मोजमापाच्या नोंदवहीची), काम पूर्ण झाल्याच्या दाखल्याची आणि फाइलवरच्या सगळ्या टिपण्यांची नक्कल मागितली. एम.बी.त कनिष्ठ अभियंत्याने मोजमाप घेतलेले होते, उपअभियंत्याने तपासलेले होते, आणि लेखा विभागाने रक्कम देय असल्याची टिपणीही केलेली होती. मग कसलीही तक्रार न करता एका ओळीचे पत्र दिले: आपल्या दप्तरी माझे किती देणे आहे ते कळवावे. दीड महिन्याने जावक क्रमांकासह उत्तर आले, खाली कार्यकारी अभियंत्याची सही. तो कागद हातात आल्यावर मला पहिल्यांदा झोप लागली.

साइटवर तोंडी सांगून करून घेतलेले जादा काम असेल तर तेही सोडू नका. महापालिकेचा करार ठरलेल्या पद्धतीने लेखी झालेला नसेल तर तो तिच्यावर बंधनकारक नाही, असे त्यांचे वकील हमखास म्हणतात. पण १८७२ च्या करार कायद्याचे कलम ७० आपल्यासाठीच आहे: फुकट करायच्या हेतूने न केलेले काम समोरच्याने वापरले, तर त्याने भरपाई दिली पाहिजे. पश्चिम बंगाल सरकार विरुद्ध बी. के. मोंडल या खटल्यात ठेकेदाराने १९४४ मध्ये आरामबागला पुरवठा खात्यासाठी गोदामे, पहारेकऱ्याची खोली, स्वयंपाकघर बांधले होते. करार कायदेशीर पद्धतीने झालेला नव्हता, तरी सर्वोच्च न्यायालयाने १९६१ मध्ये याच कलमाखाली पैसे मिळवून दिले. मिळते ती कामाची वाजवी किंमत. त्यासाठी फोटो, चलने, मजुरांचे हजेरीपट जपून ठेवा.

आता वाट कोणती धरायची? आधी करारात लवादाचे कलम आहे का ते पाहा. असेल तर तिकडेच जावे लागते. नसेल आणि रक्कम तीन लाखांच्या वर असेल, तर बांधकामाचा ठेका असल्याने दावा व्यापारी न्यायालयात जातो आणि तातडीचा मनाई हुकूम वगैरे मागायचा नसेल तर आधी मध्यस्थी सक्तीची आहे. मध्यस्थीत जाणारा काळ मुदतीत धरत नाहीत. मुंबई सोडून इतर महापालिकांना १९४९ च्या महाराष्ट्र महानगरपालिका कायद्याच्या कलम ४८७ प्रमाणे दाव्याआधी एक महिन्याची नोटीस द्यावी लागते. त्याच कलमात दावा लावायला सहा महिन्यांची मुदतही आहे. कराराच्या पैशांना ती लागू होते की नाही यावर त्यांचे वकील वाद घालतात, तेव्हा कागद वकिलाला याच आठवड्यात दाखवा. व्याज मागणार असल्याचे नोटिशीत स्पष्ट लिहायला सांगा.

रक्कम त्यांनी लेखी कबूल केली असेल आणि वाद काहीच नसेल तर उच्च न्यायालयात रिट याचिकाही (सरकारी यंत्रणेला थेट आदेश द्या, असा अर्ज) चालू शकते. सूर्या कन्स्ट्रक्शन्सच्या खटल्यात २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते मान्य केले आहे. मोजमापाबद्दल वाद असेल तर त्यात वेळ घालवू नका.

माझे प्रकरण मध्यस्थीतच मिटले. मुद्दल आणि सुरक्षा अनामत मिळाली, व्याजातले बरेचसे मी सोडले, कारण सिमेंटवाल्याचे देणे थांबत नव्हते. तुम्हाला मधेच अर्धी रक्कम देऊ केली तर जरूर घ्या. पण "पूर्ण व अंतिम रक्कम मिळाली" असे छापलेल्या कागदावर सही करू नका. "उर्वरित रकमेचा हक्क राखून" असे स्वतःच्या हाताने लिहा, मगच सही करा, आणि त्या कागदाची पोच घेऊनच बाहेर पडा.