रंगाला भुलू नका

पावसाळ्यात सह्याद्रीतल्या जंगलात पडलेल्या फांदीवर देठ असलेला गुलाबी-नारिंगी पेला दिसला, तर ती बहुधा कुकाइना या गटातली पेल्याच्या आकाराची बुरशी. पण प्रजाती रंगावरून ठरवू नका, नवखे इथेच फसतात. जुने पेले विटतात, मग तुमचा अंदाजही विटतो!

- केस बघा. दहापट भिंग पुरे. बाहेरून लांब, दाट केस असतील तर कुकाइना ट्रायकोलोमा. आखूड केस काठाशीच असतील तर कुकाइना स्पेसिओसाकडे वळा.
- आडवं होऊन बाजूने फोटो काढा. कपडे चिखलात माखतील, माखू देत. वरून काढलेल्या फोटोत देठ आणि केस दोन्ही हुकतात.
- लाकडावर होती की मातीवर, लिहून ठेवा.

उपटू नका, चाखू तर मुळीच नका. सूक्ष्मदर्शकाचं पुढच्या पावसाळ्यात बघू.