होमिओपॅथी कॉलेजला आयोगाने परवानगी नाकारली, तर हायकोर्ट ती देऊ शकतं का?

थेट परवानगी सहसा नाही. 2020 च्या कायद्यानुसार हे काम राष्ट्रीय होमिओपॅथी आयोगाच्या मूल्यांकन व मानांकन मंडळाचं आहे. नकार आला तर आधी आयोगाकडे आणि मग केंद्र सरकारकडे अपील करता येतं.

राज्यघटनेच्या कलम 226 खाली हायकोर्टात रिट याचिका करता येते, पण शिक्षक पुरेसे आहेत का, रुग्णालयात रुग्ण येतात का, हे मोजायला न्यायाधीश बसत नाहीत. ते पाहतात प्रक्रिया: त्रुटी कळवल्या का, म्हणणं ऐकलं का, आदेशात कारणं दिली का. यात खोट निघाली तर आदेश रद्द होऊन प्रकरण बहुधा फेरविचारासाठी परत जातं.

कोर्टाच्या अंतरिम, म्हणजे निकालाआधीच्या तात्पुरत्या, आदेशावर झालेल्या प्रवेशांपासून मात्र जपून राहा. याचिका पुढे फेटाळली गेली, तर विद्यार्थीच लटकतात.