डिंकातला डास ‘जीवाश्म’ कसा?

एका वाचकाने विचारले आहे: “‘डिंकात अडकलेल्या डासाचा जीवाश्म’ असे एका लेखात वाचले. अश्म म्हणजे दगड. हा डास तर दगड झालेलाच नाही, जसाच्या तसा आहे. मग त्याला जीवाश्म म्हणणे चूक नव्हे का? त्यापेक्षा ‘जीवावशेष’ म्हटले तर?”

त्या वाक्यात एक शब्द चुकला आहे खरा, पण तो म्हणजे ‘डिंक’. ‘जीवाश्म’ बरोबरच आहे. आधी डिंकाचे सांगतो, कारण ही चूक फार सर्रास होते.

डिंक आणि राळ, दोन्ही झाडाच्या सालीतून पाझरतात. दोन्ही चिकट, वाळल्यावर दोहोंचे पिवळसर खडे होतात. म्हणून बोलताना सरमिसळ होते. पण डिंक साखरेच्या जातीच्या लांबलचक साखळ्यांचा बनलेला असतो. बाभळीच्या डिंकाचा खडा वाटीभर पाण्यात टाकून ठेवा. हळूहळू खडा नाहीसा होतो आणि वाटीत चिकट पाणी उरते. अशा डिंकात फसलेला डास कोट्यवधी वर्षे राहणे शक्यच नाही; पाऊस त्याला मोकळा करील आणि तो कुजून जाईल. राळेचे तसे नाही. तिच्यात पाणी शिरत नाही. ती विरघळते स्पिरिटमध्ये किंवा टर्पेंटाइनमध्ये. हवेत आली की तिच्यातले उडून जाणारे घटक उडून जातात आणि उरलेले रेणू एकमेकांना जोडले जाऊ लागतात. गाळाखाली गाडली गेली की हे जोडणे लाखो वर्षे चालू राहते, आणि अखेर जो कडक, वजनाला हलका पदार्थ तयार होतो तो तृणमणी. अर्ध्या वाटेवरच्या राळेला कोपल म्हणतात. कोपलवर ॲसिटोनचा थेंब ठेवला तर तेवढी जागा चिकट होते. तृणमणी सहसा दाद देत नाही.

‘राळ’ हा शब्द मला इथे दुहेरी योग्य वाटतो. संस्कृतात ‘राल’ म्हणजे मुख्यतः सालवृक्षाचा हा पाझर. गुजरातेतल्या वस्तान इथल्या लिग्नाइटच्या, म्हणजे तपकिरी कोळशाच्या, खाणीत सुमारे ५ कोटी वर्षांपूर्वीचा तृणमणी सापडला, आणि २०१० मध्ये त्याचा अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यात कीटक, कोळी वगैरे संधिपाद प्राण्यांचे १४ गण आणि ५५ हून अधिक कुळे ओळखता आली. त्या राळेची रासायनिक घडण तपासली तर ती सालाच्याच कुळातल्या झाडांची निघाली. म्हणजे आपल्या शब्दाला जे झाड ठाऊक होते, त्याच्याच पूर्वजांच्या भाऊबंदांनी हे किडे सांभाळून ठेवले होते. (‘आरोपांची राळ उडवणे’ यातली राळही हीच. मशालीवर तिची पूड फेकली की भपकन जाळ उठतो.)

तृणमणीला ‘अंबर’ही म्हणतात. ते चूक नाही, पण मी टाळतो. अरबीतला मूळ शब्द देवमाशाच्या पोटात तयार होणाऱ्या सुगंधी पदार्थाचा. युरोपात तो या पिवळ्या मण्याला चिकटला, आणि मराठीत तर अंबर म्हणजे आकाशही आणि वस्त्रही. ‘तृणमणी’ मात्र वस्तूचा स्वभावच सांगतो: घासला की गवताची काडी ओढून घेणारा मणी. फारसीतला ‘काहरुबा’ही तेच म्हणतो, काडी ओढणारा. ग्रीकांनी याला ‘इलेक्ट्रॉन’ म्हटले आणि पुढे विजेच्या सगळ्या शब्दकुळाला नाव मिळाले ते त्यावरूनच.

आता ‘जीवाश्म’.

फोड अगदी सरळ आहे: जीव अधिक अश्म. शंका रास्त आहे, कारण अश्मयुग, अश्मरी, अश्मीभूत या सगळ्यांत दगड आहेच. पण शब्दाची फोड आणि शब्दाचा अर्थ यांत अंतर पडू शकते, आणि आपल्या व्याकरणकारांनी हे फार पूर्वी ओळखले होते. नेहमीचे उदाहरण ‘पंकज’. चिखलात जन्मते ते सगळे पंकज नव्हे. चिखलात वाढणाऱ्या अळीला आपण पंकज म्हणत नाही, फक्त कमळाला म्हणतो. तिथे रूढीने अर्थ आखडला. ‘तेल’ याच्या उलट. मूळ ‘तैल’ म्हणजे तिळाचे. आज करडईचे, खोबऱ्याचे, एवढेच काय जमिनीतून उपसलेले खनिज तेलही तेलच, आणि ‘शेंगदाण्याचे तेल’ म्हणताना कोणालाही तीळ आठवत नाहीत. तिथे अर्थ पसरला. ‘जीवाश्म’ हा तेलाच्या वाटेने गेलेला शब्द आहे. आरंभी नजरेपुढे दगड झालेली हाडे आणि शंख होते. आज पुरातन काळातल्या जीवाचा टिकून राहिलेला कोणताही पुरावा त्यात येतो.

आणि खरे सांगायचे तर, कीटकांच्या बाबतीत ‘दगड झालेला’ ही अट घातली तर हाताशी फार थोडे उरेल. अगदी अक्षरशः दगड झालेले कीटक आहेत. ब्राझीलमधल्या क्रातो इथल्या चुनखडीत, सुमारे ११.५ कोटी वर्षांपूर्वीच्या थरांत, कीटकांच्या शरीराची जागा लोहाच्या खनिजांनी घेतलेली आहे, आणि तीही इतकी नेमकी की बारीक केससुद्धा ओळखू येतात. पण बहुसंख्य कीटक खडकात सापडतात ते असे: शेलची, म्हणजे गाळाच्या पातळ थरांनी बनलेल्या खडकाची, चीप थराच्या रेषेवर उलगडते आणि हातात दोन पाने येतात. एकावर पंखाच्या शिरा उठून दिसतात, दुसऱ्यावर त्याच शिरांच्या खाचा. पंख यातल्या कोणत्याच पानात नाही! एक ठसा आणि एक प्रतिठसा, मध्ये फार तर कार्बनचा पातळ पापुद्रा. फ्रान्समधल्या कॉमान्त्री इथे अशाच ठशांतून शार्ल ब्रोंन्यार यांनी १८८५ मध्ये मेगान्यूरा या महाकाय कीटकाला नाव दिले. सुमारे ३० कोटी वर्षांपूर्वीचा हा प्राणी, पंखांचा पसारा ६५ सेंटिमीटरच्या आसपास. मराठी लेखांत त्याला ‘राक्षसी चतुर’ म्हणतात. ढोबळपणे चालेल, पण तो आजच्या चतुरांच्या गणातला नव्हे, त्यांच्या नात्यातल्या एका लुप्त गटातला. आजच्या चतुराच्या पंखाच्या पुढच्या कडेवर मध्याजवळ एक ठळक सांधा असतो आणि टोकाजवळ एक गडद ठिपका. मेगान्यूराच्या पंखावर दोन्ही नाहीत. कीटकांच्या पुराव्यांत पंखांचीच चलती आहे. शरीर मऊ, ते खाल्ले जाते, कुजते. पंख कोरडा, चिवट आणि खाणाऱ्याच्या कामाचा नाही, म्हणून तो गाळापर्यंत पोचतो. ओळखही शिरांच्या जाळीवरून पटते, त्यामुळे एका तुटक्या पंखावर अख्ख्या जातीचे नाव उभे असते.

पंखांच्याही आधीचा पुरावा स्कॉटलंडमधल्या ऱ्हायनी गावच्या गारगोटीसारख्या खडकात आहे. सुमारे ४१ कोटी वर्षांपूर्वी तिथे उन्हाळे होते, म्हणजे गरम पाण्याचे झरे, आणि त्यांतल्या सिलिकेने काठचे सगळे जीवन जागच्या जागी थिजवले. १९२६ मध्ये हर्स्ट आणि समरेंद्र मौलिक यांनी तिथल्या ऱ्हायनिएला या सहा पायांच्या चिमुकल्या प्राण्याचे वर्णन केले. तो कीटकांचा सख्खा शेजारी, पण काटेकोर अर्थाने कीटक नाही. त्याच खडकातला जबड्याचा एक तुकडा, ऱ्हायनिओग्नाथा, २००४ मध्ये ‘सर्वांत जुना कीटक’ ठरला आणि २०१७ मध्ये दुसऱ्या अभ्यासकांनी तो गोमेच्या गोत्रातला असावा असे मांडले. त्यामुळे ‘सर्वांत जुना कीटक’ हे शब्द लिहिताना मी हात आखडता घेतो.

आता तुमच्या डासाकडे येतो, कारण त्याचीच गोष्ट या चर्चेत सर्वांत बोलकी आहे. रक्त प्यायलेल्या डासाचा प्रसिद्ध जीवाश्म तृणमणीतला नाही! तो २०१३ मध्ये वर्णिला गेला तो अमेरिकेतल्या मोंटाना राज्यातल्या शेलमधून, म्हणजे चक्क खडकातून. वय सुमारे ४.६ कोटी वर्षे. त्याच्या फुगलेल्या पोटात लोह सापडले आणि रक्ताला लाल रंग देणाऱ्या हीमचे अंशही. म्हणजे दगडातला डाससुद्धा पुरता दगड झालेला नव्हता. लेबनॉनच्या तृणमणीतले डास याहून पुष्कळ जुने, सुमारे १३ कोटी वर्षांपूर्वीचे. २०२३ मध्ये वर्णिलेले ते दोन नर आहेत आणि त्यांना टोचून रक्त पिण्याजोगी सोंड आहे. आजच्या डासांत रक्त पिते ती फक्त मादी. तुम्ही ‘जसाच्या तसा’ म्हणता, तेही जरा जपून: तृणमणीत बाहेरचे कवच सुंदर टिकते, कधी आतले स्नायूही टिकतात, पण पुष्कळदा आत पोकळी असते, आणि डीएनए तर इतका काळ टिकतच नाही. वस्तानचा तृणमणी मात्र पुरता पक्का न झालेला, म्हणून द्रावकात विरघळवून त्यातला कीटक अखंड बाहेर काढता येतो. कोट्यवधी वर्षांपूर्वीचा कीटक, भोवती ना खडक ना राळ. तोही जीवाश्मच.

‘जीवावशेष’ या पर्यायाचा मी मनापासून विचार केला. पण त्याने एक अडचण सुटते आणि दोन उभ्या राहतात. मागच्या वर्षी मेलेल्या भुंग्याचे कवचही जीवावशेषच, त्यामुळे पुरातनपणाचा अर्थ हरवतो. शिवाय कीटकांचा निम्मा इतिहास अवशेषांविना लिहिलेला आहे: कडेने कुरतडलेले पान, पानाच्या दोन थरांमध्ये अळीने पाडलेली नागमोडी वाट, लाकडातली बोगदी. तिथे कीटकाचा कणही उरलेला नाही, फक्त त्याने काय केले ते उरले आहे. अशांना आपण ‘खुणांचे जीवाश्म’ म्हणतो, आणि ‘जीवाश्म’ पसरलेला शब्द असल्यामुळेच ते म्हणता येते. इंग्रजीतला ‘फॉसिल’ तरी कुठे काटेकोर आहे? लॅटिनमध्ये त्याचा अर्थ ‘खणून काढलेले’ एवढाच. सोळाव्या शतकात ॲग्रिकोला या जर्मन खनिजशास्त्रज्ञाने खनिजे आणि रत्नेही त्याच नावाखाली घातली होती. त्या शब्दाचा अर्थ पुढे आखडला, आपल्याचा पसरला, आणि दोघे आज एकाच ठिकाणी येऊन पोचले आहेत.

जाता जाता लिंगाचे. ‘अश्मन्’ पुल्लिंगी, म्हणून ‘जीवाश्म सापडला’, अनेक असतील तर ‘जीवाश्म सापडले’. तुम्ही वाचलेले वाक्य मी असे लिहीन: ‘तृणमणीत जतन झालेला डासाचा जीवाश्म’. आणि तो डास त्यात कसा फसला ते सांगायचे असेल, तर ‘झाडाच्या ताज्या राळेत अडकला’.